धुतलेलं जाकीट

आमच्या कारखान्याची पुस्तिका निघाली आहे. गुळगुळीत कागद, वर हिरव्या चिलखती गाडीचं चित्र, आत मालकांचा कोटातला फोटो. ऑफिसातल्या पोरींनी ती माझ्या हातात ठेवली आणि म्हणाल्या, मॅडम, तुम्ही इथल्या सगळ्यात जुन्या, काही राहिलं असेल तर सांगा. मी चष्मा लावून दोनदा वाचली. राहिलंय म्हणजे जे सांगायचं तेच राहिलंय. हा कोटातला माणूस दर खंडेनवमीला बनियनवर जाकीट चढवून कारखान्याच्या मागच्या भिंतीशी उभा राहायचा आणि दहा पावलांवरून त्याच्या छातीत गोळी घातली जायची, हे त्यात कुठेच नाही. गोळी बसली की तो मागे आदळायचा, तोंड उघडं टाकून श्वास शोधायचा, आणि श्वास सापडला की पेढे वाटायला सांगायचा. आम्ही ते पेढे खायचो. मीही खाल्लेत.

पोरींना मी म्हटलं, छान झालीय. घरी आले आणि लिहायला बसले.

मालकांना आम्ही सगळे मामा म्हणतो. मामा मूळचे लोहार. परभणीहून गंगाखेडला जाणाऱ्या रस्त्यावर पत्र्याच्या शेडमध्ये ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या बनवायचे. मी पोखर्णीकडची, लग्न होऊन परभणीत आलेली. शिलाई मशीन चालवता यायची, म्हणून ट्रॉलीच्या ताडपत्र्या आणि ट्रॅक्टरच्या सीटा शिवायला मामांच्या शेडमध्ये लागले. तेव्हा तिथे चिलखत वगैरे शब्द कुणी उच्चारला असता तर आम्ही त्याला इतिहासाच्या पुस्तकात पाठवलं असतं.

एका दुपारी एका वाळूवाल्याची जीप आली. गंगेच्या, म्हणजे आमच्या गोदावरीच्या, घाटावर वाळूचा उपसा कुणी करायचा यावरून त्याच्यावर हल्ला झाला होता. काचा फुटलेल्या, दारांवर तलवारीचे वार, मागची सीट रक्ताने कडक झालेली. सीटचं कव्हर काढायला मला सांगितलं. मी फटीत हात घातला आणि बोट हाताला लागलं. माणसाचं तुटलेलं बोट, नखाला तंबाखूचा चुना तसाच. मी ते चिमटीत धरून बाहेर काढलं. वाळूवाल्याने ते पाहिलं आणि म्हणाला, "आमच्यातलं न्हाई ते. त्यांच्यातलं हाय." आणि समाधानाने हसला. मग मामांना म्हणाला, "असं कायतरी करा मामा, की तलवार का गोळी, कायबी आत यायला नगं."

मामांनी केलं. ट्रॉलीचा जाड पत्रा दारांच्या आतून दुहेरी मारला आणि मी त्यावर लाल रेक्झिन चढवलं. पुस्तिकेत आमची पहिली गाडी म्हणून बँकेची व्हॅन दाखवली आहे. ते खोटं आहे. पहिली गाडी ती, रेक्झिनवाली.

जीपचा ड्रायव्हर ती तयार होईपर्यंत रोज शेडवर यायचा. चहा प्यायचा, नव्या दारावर बुक्क्या मारून बघायचा आणि आम्हा बायकांना सांगायचा, "आता मला काय हुतंय?" दीड महिन्याने घाटावरच त्याला रायफलची गोळी लागली. दारातून आली. दुहेरी पत्रा फोडून, माझं रेक्झिन फोडून त्याच्या पोटात शिरली आणि जाताना रेक्झिनचा तुकडाही सोबत घेऊन गेली. दवाखान्यात पोहोचायच्या आतच तो गेला. शवविच्छेदनात डॉक्टरांनी तो लाल तुकडा पोटातून काढला तेव्हा त्यांना तो आतड्याचाच वाटला होता, असं नंतर कळलं. पलीकडे बसलेल्या वाळूवाल्याला ओरखडाही नव्हता. आठवड्यात त्याने जीप पुन्हा आमच्याकडे पाठवली, भोक बुजवायला. मामांनी त्या भोकात करंगळी घातली, पत्र्याच्या आत वळलेल्या कडा चाचपल्या आणि तिथेच मातीत बसले. त्या दिवशी शेडमध्ये हातोडा वाजला नाही.

ड्रायव्हरच्या घरी जायचं तर सोबत बाई हवी, म्हणून मामांनी मला नेलं. दारात प्लॅस्टिकची पिशवी होती, गाठ मारलेली. आत त्याचे कपडे. त्याची बायको उंबऱ्यात बसली होती, पस्तिशीची असेल. आमच्याकडे न बघता म्हणाली, "दवाखान्यानं असंच दिलं. पाणी तरी मारायचं की वर." मग ती उठली, आमच्यासमोर पिशवी सोडली आणि धुण्याच्या दगडावर त्याचा सदरा धुवायला लागली. पाणी आधी काळपट निघालं, मग लाल, मग गुलाबी. सदऱ्याच्या भोकात तिचं बोट अडकायचं, ती सोडवायची आणि पुन्हा घासायची. स्वच्छ पाणी येईपर्यंत तिने हात थांबवला नाही. आम्ही दोघं उन्हात उभे होतो. मामा एवढंच म्हणाले, "वैनी, माझ्याकडं कामाला या." ती आली. पुढे साऱ्या शिलाई खात्याची ती मावशी झाली. मामांना ती भाऊजी म्हणायची. त्या दोघांत त्या सदऱ्याबद्दल कधी बोलणं झालेलं मी ऐकलं नाही.

त्यानंतर मामांना एकच वेड लागलं. गोळी अडवणारा पत्रा वेगळा असतो, तो कारखान्यातच तापवून, थंड करून कडक केलेला असतो, आणि एकदा का तुम्ही त्याला गॅसची ज्योत दाखवली की तो साध्या पत्र्यासारखा मऊ पडतो, हे त्यांना भंगाराच्या एका म्हाताऱ्या व्यापाऱ्याने सांगितलं. लोहाराला हे पटणं सोपं नाही. कुठलाही लोहार अडलं की आधी आगीकडे जातो. मामांनी स्वतःचा हात आगीपासून सोडवला, पण कामगारांचा सुटेना. एका गॅसकटरने, म्हणजे गॅसने पत्रा कापणाऱ्या कामगाराने, दार नीट बसत नव्हतं म्हणून बिजागरीजवळ ज्योत फिरवली आणि दार छान बसवलं. मामांनी त्याला त्याच दाराशी उभं केलं, कानाखाली दोन दिल्या आणि त्याच दिवशी हाकलला. तो राणीसावरगावचा, चांगला कारागीर, घरी चार तोंडं. मामांना दया आली नाही. मला आली होती, आणि त्या दयेची मोठी किंमत पुढे मोजावी लागणार होती.

पत्रे तपासायला एक फौजी आला. सैन्यातून निवृत्त, बोलणं मोजकं, नेम पक्का. शहराबाहेरच्या बंद खाणीत रीतसर परवानगीने तो पत्र्यांवर गोळ्या झाडायचा. आम्ही बायका दुपारचा डबा घेऊन बघायला जायचो, कारण दुसरी करमणूक नव्हती. बँकेच्या व्हॅन झाल्या, पोलिसांच्या गाड्या झाल्या, आणि मग जाकिटं आली. आत पिवळ्या चिवट कापडाचे थर एकावर एक, अगदी गोधडीसारखे. त्याला आम्ही गादी म्हणायचो. गादी काळ्या पिशवीत घालून कडा चिकटवायच्या आणि वरून खाकी कव्हर. परभणीच्या बायकांना गोधडी शिकवावी लागत नाही. मामा म्हणायचे, हे काम देवाने आपल्याच जिल्ह्यासाठी ठेवलं होतं.

पहिलं जाकीट बोकडाला घातलं. जिवंत बोकड, खुंटाला बांधलेला. फौजीने गोळी झाडली, गोळी गादीत अडकली आणि सगळे टाळ्या वाजवायला लागले. बोकड तेवढ्यात गुडघ्यावर आला. त्याच्या नाकातून रक्ताचे फुगे यायला लागले. बराच वेळ तो तसाच घरघरत होता, मग फौजीनेच त्याला मोकळं केलं. कापून पाहिलं तर फासळ्यांचा भुगा आणि फुप्फुस काळंनिळं. गोळी आत जात नसली तरी तिचा धक्का जातो. ते मटण कुणी घरी नेलं नाही. मामांनी गादीत थर वाढवले, आत धक्का खाणारी जाड पट्टी घातली आणि दुसरा बोकड आणू दिला नाही. म्हणाले, "जनावर सांगत न्हाई कुठं दुखतंय. मी सांगीन." आणि स्वतः भिंतीशी उभे राहिले.

तिथून ती रीत पडली. खंडेनवमीला बाकीच्या वर्कशॉपमध्ये हत्यारांना झेंडू घालून पूजा होते. आमच्याकडे आधी गोळी, मग पूजा. रवाना व्हायला तयार असलेल्या मालातून मामा डोळे मिटून एक जाकीट उचलायचे, म्हणजे आपल्यासाठी कुणी खास काढून ठेवायला नको. फौजीला हे मनापासून आवडत नसे. एकदा फासळी मोडली, एकदा मामा पंधरा दिवस बसून झोपले. दरवर्षी त्यांच्या छातीवर वाटीएवढा काळा डाग उठायचा आणि ते सदऱ्याची वरची बटणं उघडी टाकून तो नव्या कामगारांना दाखवत फिरायचे. मला कधीकधी वाटायचं, हा माणूस तपासणी करत नाही, शिक्षा भोगतोय. पण असं मालकाला कोण सांगणार?

शिलाई खातं वाढलं, मी त्याची प्रमुख झाले. मावशीकडे जुन्या जाकिटांचं काम होतं. पोलिसांकडून दोन-तीन वर्षांनी जाकिटं परत यायची. कव्हर फाटलेली, घामाने कुजलेली. मावशी कव्हर उसवायची, गादी नव्या पिशवीत सरकवायची आणि नवं कव्हर शिवून द्यायची. तिची शिलाई इतकी बारीक की मशीनने लाजावं. मी तिला सुरुवातीला एक नियम सांगितला होता: गादी ओली द्यायची नाही. का, ते सांगितलं नाही. मला स्वतःला माहीत होतं की पाणी, धुण्याचा सोडा आणि ऊन त्या पिवळ्या कापडाला आतून खातं. पण सोळा बायकांना कापडाचं शास्त्र कोण समजावत बसणार, म्हणून मी तेवढ्यावर आटोपलं. शहाणपण आपल्यापाशी ठेवून दुसऱ्याला नुसता हुकूम द्यायची खोड मला तेव्हा होती. आता ती गेली आहे, पण गेली कशी ते पुढे सांगते.

त्या वर्षी नवरात्रात चाळीस जाकिटं नवी कव्हरं घालून तयार होती. नवरात्राच्या तिसऱ्या दिवशी डबा खाताना मावशी मला म्हणाली, "पोरी, एक लय वंगाळ आलं होतं बग यंदा. सगळं रगतच. पिशवीत बी गेलेलं."

"मग?"

"मग काय. धुतलं."

माझा घास हातातच राहिला. मी विचारलं, कसं धुतलं. ती अभिमानाने सांगायला लागली. हौदाकाठी नेलं, सोडा आणि ब्लिचिंग पावडर टाकून रात्रभर भिजवलं, थर न् थर सुटा करून घासला, मग शेडच्या पत्र्यावर आठ दिवस कडक उन्हात पसरला. "कुनाचं कोन मेलं असंल त्यात. तसंच दुसऱ्याच्या अंगावर घालायचं का? त्याची आय काय म्हनंल?"

मी म्हटलं, मावशी, ओलं करायचं नाही असं सांगितलं होतं ना.

"ओलं कुठं दिलंय? खडंग वाळवून दिलंय."

 मी तिला विचारलं, चाळिसातलं कोणतं? ती म्हणाली, गठ्ठ्यात सगळी सारखीच दिसतात, पण एकेक समोर धरलं तर कळेल. त्याच क्षणी मी उठून मामांकडे जायला हवं होतं. गेले नाही. गॅसकटरच्या कानाखालचा आवाज माझ्या डोक्यात होता. मावशीला मामांनी हाकललं तर ती कुठे जाईल, आणि नियम अर्धाच सांगितला कुणी, हे विचारलं तर मी काय सांगू? मी ठरवलं, गर्दी पांगली की गुपचूप तिच्याकडून ओळखून घेईन आणि ते जाकीट बाजूला काढीन. दुसऱ्या दिवशी गठ्ठे बांधून वरच्या फळीवर गेले. मग सणाची गडबड. मग पोरगी माहेरी आली. रोज उद्यावर ढकललं. सहा दिवस. त्या सहा दिवसांत मी व्यवस्थित जेवले, झोपले, देवीची आरती म्हटली, हे लिहिताना मला स्वतःच्या मुस्काटात मारावंसं वाटतं.

खंडेनवमीला सकाळी सगळे मागच्या भिंतीशी जमलो. मामांनी विचारलं, रवाना व्हायचा माल कोणता? कुणीतरी सांगितलं, नवी कव्हरं घातलेली चाळीस. गठ्ठे सोडून टेबलावर मांडले. ते बघत मी मनात हिशेब करत होते: चाळिसात एक, ते कसं येईल? मामांनी डोळे मिटले, हात फिरवला आणि एक उचललं. माझ्याशेजारी मावशी उभी होती. तिने मला कोपराने ढोसलं. तिचा चेहरा फुलला होता.

"बरूबर निवडलं बग भाऊजींनी," ती म्हणाली. "धुतलेलं."

मामा पट्टे आवळत होते. फौजीने पिस्तूल उचललं होतं. मी धावले. काय बोलले ते मला आठवत नाही, पण मी मध्ये जाऊन मामांच्या छातीवर दोन्ही हात ठेवले होते आणि फौजीने भर लोकांत मला आईवरून शिवी दिली, कारण त्याचं बोट घोड्यावर होतं. मग मी सांगितलं. सगळं, सहा दिवसांसकट. बोलताना मावशीकडे बघितलं नाही.

मामा काही बोलायच्या आत मावशीच पुढे आली. तिला राग आला होता, आणि तो माझ्यावर होता. "धुतल्यानं कापड मरतंय व्हय? जलमभर धुनी धुतली मी." तिने मामांच्या अंगावरचे पट्टे खसाखसा सोडवले, जाकीट ओढून काढलं, पातळावरच चढवलं आणि भिंतीशी जाऊन उभी राहिली. "मार रे फौजी. माज्यावर मार. बगू दे समद्यांला."

फौजीने पिस्तूल खाली केलं. मावशी त्याच्या अंगावर धावून गेली, पिस्तुलाची नळी हाताने धरून आपल्या छातीवर टेकवली. दोघांच्या झटापटीत ते पिस्तूल कुणाकडे वळलंय हे कळत नव्हतं. बायका ओरडायला लागल्या. मामांनी मागून तिच्या कमरेला विळखा घातला, ती त्यांच्या हाताला कडकडून चावली. रक्त निघालं तरी त्यांनी सोडलं नाही. तिघं मातीत पडले. मी जाकीट तिच्या अंगातून ओढलं तेव्हा माझ्याच हातातली एक बांगडी फुटून तळव्यात घुसली. तिची खूण अजून आहे.

चिकट मातीचा मोठा ठोकळा आमच्याकडे असतोच, जाकिटं त्यावर बांधून तपासतात. मामांनी चावलेल्या हातानेच ते जाकीट ठोकळ्यावर बांधलं. मावशीला समोर बसवलं, मनगट धरून. फौजी दहा पावलं मागे गेला आणि गोळी झाडली.

नेहमी गोळी गादीत बसते तेव्हा थाप मारल्यासारखा दबका आवाज येतो. तो आलाच नाही. मामांनी पट्टे सोडले. कव्हरला भोक, गादीला भोक, मागच्या पट्टीला भोक. ठोकळा उकरत मामांचा हात कोपरापर्यंत गेला तरी गोळी लागेना. गादी उलगडली तर आतले थर पिवळे नव्हतेच, उसाच्या चिपाडाच्या रंगाचे झाले होते आणि चिमटीत धरले की तुटत होते.

मावशीने भोकात बोट घातलं.  मग मामांना म्हणाली, "भाऊजी, जीपच्या वक्ताला तुमाला बी असंच झालं होतं का?"

मामांनी होय म्हणून मान हलवली. त्यांच्या हातातून रक्त ठिबकत होतं आणि ते त्यांना कळत नव्हतं. मला वाटलं, आता संपलं. जे होणार होतं ते टळलं. मी उठून पेढ्यांचा बॉक्ससुद्धा शोधायला लागले होते. तेवढ्यात मावशी म्हणाली, "भाऊजी, हे एकच न्हाई."

ज्याला ज्याला रक्त लागलेलं असायचं ते ते तिने धुतलं होतं. पहिल्यापासून. आम्ही बायका जेवायला बसलो की ती हौदाकडे जायची. मी तिची प्रमुख, आणि मला कधी दिसलं नाही. तिला नंबर आठवत नव्हते, रक्ताच्या जागा आठवत होत्या. एकाच्या गळ्यापाशी, एकाच्या काखेत, एकाच्या पाठीवर चार बोटं उमटलेली, कुणीतरी कुणाला उचलून नेलं असेल तसं. नऊ जाकिटं. ती धुतलेली, वाळवलेली, सुंदर शिवलेली नऊ जाकिटं कुठल्याकुठल्या माणसांच्या अंगावर होती आणि ती माणसं त्यांच्या भरवशावर गोळीसमोर जात होती.

मामांनी तिला हाकललं नाही. मलाही नाही. मला हाकललं असतं तर बरं वाटलं असतं. त्या दिवशी त्यांनी पूजाही केली नाही. ऑफिसात बसून जुन्या खेपांची सगळी जाकिटं परत मागवणारी पत्रं स्वतः लिहून घेतली आणि प्रत्येक पत्रात चूक आमची आहे असं स्पष्ट घातलं. पुढची कामं त्यामुळे गेली, नाव गेलं, कारखाना दोन वर्षं अर्धा बंद होता. पुस्तिकेत ती दोन वर्षं विस्ताराची म्हणून दाखवली आहेत. जाकिटं येत गेली तशी मी एकेक उघडत गेले. रंग बघूनच कळायचं. मावशी समोर बसून बोटांवर मोजायची. दिवाळी गेली, संक्रांत गेली. आठ सापडली. त्यांतल्या एकाही जाकिटावर गोळीची खूण नव्हती, आणि प्रत्येक वेळी आम्ही दोघी एकमेकींचे हात घट्ट धरून रडलो.

नववं येईना. नोंदवहीत परत न आलेला तेवढा एकच नंबर उरला होता. पत्रं गेली, फोन झाले. पूर्वेकडच्या जंगलाच्या एका जिल्ह्यात, एका चौकीवर ते होतं. तिथून सांगायचे, बघतो, पाठवतो. रोज सकाळी मावशी पेपर उलटून बघायची. तिला वाचता यायचं नाही, पण चकमकीच्या बातमीतला गणवेशातला फोटो ओळखता यायचा. फोटो दिसला की ती पेपर माझ्यापुढे टाकायची आणि मी गावाचं नाव वाचेपर्यंत श्वास धरून उभी राहायची. फाल्गुनात एके दिवशी ती म्हणाली, "मी जाऊन आनते." मामांनी एक कोरं जाकीट दिलं आणि फौजीला सोबत धाडलं. पूर्ण्याहून गाडी धरली, मग बस, मग पोलिसांचीच एक जीप. मी सोबत होते. न जाऊन सांगते कुणाला?

सकाळी दहाच्या सुमारास आम्ही चौकीवर पोहोचलो. पोरं निघायच्या तयारीत होती, गाडीचं इंजिन चालू. फौजीने नंबर सांगितला तसा एकजण हसत पुढे आला. पंचविशीचा, मिसरूड नीट कोरलेली. जाकीट त्याच्या अंगावर होतं.

"हेच का? हे नाही द्यायचं," तो म्हणाला. "इथे सगळ्यांच्या जाकिटांना घामाचा, रक्ताचा वास मारतो. हे एकच स्वच्छ आहे. दोघांशी भांडून घेतलंय मी."

"काढ," मावशी म्हणाली.

"अहो मावशी, संध्याकाळी देतो. आता जायचंय."

मावशीने त्याच्या थोबाडीत मारली. सगळ्यांसमोर, हात मागे नेऊन. त्याची टोपी उडाली. दुसरी मारली तेव्हा ओठ फुटला. दोघांनी बंदुका सावरल्या, फौजी हात पसरून मध्ये उभा राहिला आणि थांबा, थांबा म्हणत राहिला. ती दोन्ही मुठींनी त्या पोराच्या छातीवर मारत होती, "काढ, काढ, काढ म्हनते ना." तो बिचारा इतका भांबावला की त्याने पट्टे सोडले. तिने ते ओढून माझ्याकडे फेकलं. मी तिथेच कात्रीने कड उसवली. आतले थर चिपाडाच्या रंगाचे होते.

मावशीने नवं जाकीट उचललं आणि स्वतःच्या हाताने त्याला घातलं. पट्टे आवळले, खांद्यावर बसलंय का पाहिलं, पदराने त्याचा ओठ पुसला. त्याने हळूच मला विचारलं, या कोण? मी म्हटलं, तुझं जाकीट ज्यांनी धुतलं, शिवलं, त्या ह्या. पुढचं सांगायला मी तोंड उघडणार, तोवर तो वाकला होता.

"तुम्ही धुतलं होतं का मावशी?" तो तिच्या पायांना हात लावत म्हणाला. "म्हणजे आजवर तुमच्यामुळेच वाचलो मी."

मावशी मागे सरली. तिने पातळाचा घोळ पायांवर ओढून घेतला आणि त्याला म्हणाली, "नगं पोरा. पाया नगं पडू. मी तुला मारून टाकलं होतं."

त्याला ते कळलं नाही. गाडीतून हाका येत होत्या, तो पळत जाऊन बसला. गाडी जंगलाकडे वळेपर्यंत मावशी पाय झाकून तशीच उभी होती.